आठवा वेतन आयोग आला, पण आधी सातवा आठवा!

जुना_कारकून : ऑफिसात सध्या एकच विषय. केंद्रानं न्या. रंजना देसाईंच्या अध्यक्षतेखाली आठवा आयोग बसवला, अहवालाला 18 महिने दिले, आणि इकडं आमची मंडळी फिटमेंट फॅक्टर (जुन्या मूळ पगाराला ज्यानं गुणायचं तो आकडा) 2 का 3 यावर चहा गार करतायत. अरे सातव्याचं काय झालं ते आठवा की. लागू तारीख 1 जानेवारी 2016, राज्यात पगारात दिसायला 2019 उजाडलं, तेही राज्याच्या पगारवाढीसाठी नेमलेली बक्षी समिती आणि ऑगस्ट 2018 चा तीन दिवसांचा संप एवढं सगळं झाल्यावर. मधल्या तीन वर्षांचा फरक पाच हप्त्यांत, आम्हा जुन्या पेन्शनवाल्यांचा जीपीएफ (भविष्य निर्वाह निधी) खात्यात, म्हणजे हातात नाहीच, त्यात दुसरा हप्ता कोरोनात पुढं ढकलला. पोरीच्या ॲडमिशनच्या वेळी फरक कागदावर होता, सगळा जमा होईस्तोवर ती नोकरीला लागली. किती वाढवायचं ते वाढवा हो, पण तारखेला द्या.

कोरडवाहू : फरक उशिरा मिळाला म्हणून रडताय, आमच्या भावातला फरक कोण देणार? मार्च 2023 ला तुम्ही 'एकच मिशन जुनी पेन्शन' म्हणत संपावर बसलात, त्याच आठवड्यात अवकाळी झाली. गहू आडवा, हरभरा काळा पडला, आणि पंचनाम्याला तलाठी नाही, कृषी सहायक नाही. ओला हरभरा पोत्यात भरून ठेवला, पंचनामा होईपर्यंत त्याला मोड आले. संप करा, पण आमच्या उरावर नको.

खासगीवाला_पुणे : +1. राज्याच्या पैशातला केवढा तरी हिस्सा पगार, पेन्शन आणि व्याजातच जातो. मला इन्क्रिमेंट नाही मिळालं तर मी कंपनी बदलतो, तुम्ही मंत्रालय बंद पाडता. शिवाय सातबारा, दाखला काढताना काय होतं ते सगळ्यांना माहितीय, तोंड उघडायला लावू नका.

जुना_कारकून : चिरीमिरी खाणारे आहेत, नाही म्हणत नाही. पण सगळ्यांनाच लाखभर मिळतात ही समजूत काढून टाका. तालुक्याला नवीन लागलेला लिपिक धरा. मूळ 19,900, डीए (महागाई भत्ता) 2025 मधल्या 55 टक्क्यांनी 10,945, घरभाडे 1,990. किरकोळ भत्ते सोडा. यातून एनपीएसचे (नव्या पेन्शन योजनेतली कपात) 3,084 आणि व्यवसाय कराचे 200 गेले की राहिले साडेएकोणतीस हजार. शिपायाचं मूळ तर केंद्रात 18,000 आणि आपल्याकडं 15,000. आणि मागितल्याशिवाय कधी काय मिळालंय? केंद्राइतका महागाई भत्ता पाहिजे म्हणून डिसेंबर 1977 मध्ये कर्मचारी नेते र. ग. कर्णिकांच्या मागं लोक 54 दिवस बिनपगारी बाहेर बसले होते. आमचे वडील त्यात होते, आई सांगायची, वाण्यानं उधारी बंद केली होती.

खासगीवाला_पुणे : साडेएकोणतीस हजार, वर नोकरीची गॅरंटी. इथं इंजिनिअर पोरं वीस हजारावर लागतायत काका.

जुना_कारकून : मग त्यांच्या मालकाला विचारा ना, आमचा पगार कमी करून त्यांचा वाढणारेय का?

बाह्यस्रोत : दोघांचं चालू द्या, मी कंत्राटी, सरकारी दवाखान्यात. आमच्या ऑर्डरीवर 11 महिने लिहिलेलं असतं, मग ब्रेक, मग परत 11. आयोग पाचवा आला, सहावा आला, आमच्या ऑर्डरीला त्याचा वासही लागला नाही. 2023 ला कायमवाले गेटवर घोषणा देत होते तेव्हा आत केसपेपर आम्हीच फाडत होतो, एका खिडकीवर तिघांचं काम. त्या आठवड्याचा ज्यादा पैसा शून्य.

जुना_कारकून : हे मात्र खरंय. आमच्या मागणीपत्रात कंत्राटींना कायम करा हे कलम असतं, पण तळाला. बैठक तिथंपर्यंत पोचते तोवर चहा आलेला असतो.

बाह्यस्रोत : मग यावेळी खालून वाचायला सुरुवात करा 😄

कोरडवाहू : कारकूनसाहेब, भांडण राहू द्या बाजूला. सप्टेंबरच्या अतिवृष्टीच्या मदतीच्या यादीत नाव आहे, पण ई-केवायसी अडकलीय, आधारवर नावात 'राव' आहे आणि सातबाऱ्यावर नाही. कुणाला भेटायचं?

जुना_कारकून : यादीतला विशिष्ट क्रमांक, आधार, सातबारा आणि पासबुक घेऊन तहसीलला जा, अर्ज द्या आणि पोच घ्या. पोच घेतल्याशिवाय हलू नका, मी आतला माणूस आहे म्हणून सांगतोय.