मूकपट, निःशब्द की संवादविरहित?

प्रश्न : कानेतो शिंदो यांच्या ‘हादाका नो शिमा’ (उघडं बेट, १९६०) या जपानी चित्रपटावर छोटं टिपण लिहिते आहे. दीड तासाच्या या चित्रपटात संवाद जवळपास नाहीतच. याला मूकपट म्हणावं का? आणि शिंदो यांचा उल्लेख ‘पटकथाकार’ असा करावा की ‘कथाकार’ पुरेल?

– मूकपट नको. तो शब्द एका काळाशी बांधलेला आहे. ध्वनिमुद्रण आलं, बोलपट आला, तेव्हा आधीच्या चित्रपटांना मूकपट म्हणणं भाग पडलं. जपानमध्ये तर मूकपटाशेजारी उभा राहून कथन करणारा ‘बेन्शी’ असे, म्हणजे थिएटरात बोलणं भरपूर. शिंदोंच्या या चित्रपटात पाण्याचे, वल्ह्यांचे आवाज आहेत, हिकारू हायाशींचं संगीत आहे, मुलाच्या मृत्यूनंतर आईने फोडलेला टाहो आहे. मूक काय आहे त्यात?

– ‘निःशब्द’ चालेल का? मला तो जवळचा वाटतो.

– अर्थाने जवळचा, पण वापराने लांब गेलाय. ‘पाहून निःशब्द झालो’ असं आपण सर्रास लिहितो. वाचणाऱ्याला ती तुमची प्रतिक्रिया वाटेल, चित्रपटाचं वर्णन नाही. ‘संवादविरहित’ जरा कोरडा आहे, पण नेमका आहे. मी तोच घेईन.

‘कथाकार’ला मात्र माझा ठाम विरोध. शिंदो तरुणपणी दिग्दर्शक केंजी मिझोगुचींच्या हाताखाली काम करत होते. त्यांनी लिहिलेलं पहिलं स्क्रिप्ट वाचून मिझोगुचींनी सांगितलं, की ही पटकथा नाही, नुसती गोष्ट आहे. त्यानंतर शिंदोंनी नाटकांचे संग्रह झपाटल्यासारखे वाचून काढले. पुढे दोनशेच्या वर पटकथा लिहिल्या, बऱ्याचशा इतर दिग्दर्शकांसाठी. या माणसाला कथाकार कसं म्हणायचं?

आणि याच चित्रपटात पाहा. गोष्ट दोन ओळींची : बिनपाण्याच्या बेटावर नवराबायको होडीने पाणी आणतात, कावडीने चढावर नेतात, रोपांना घालतात. पण बायकोचा पाय घसरून बादली कधी सांडायची, नवऱ्याने तिला थप्पड कधी मारायची, आणि मुलगा गेल्यावर तिने स्वतःच बादली उपडी करून रोपं उपटायची तेव्हा त्याने नुसतं बघत राहायचं, हा क्रम कोणीतरी कागदावर रचलेला आहे. तीच पटकथा. आपल्याकडे ‘पटकथा-संवाद’ असं एका दमात लिहितात, त्यामुळे दोन्ही एकच वाटायला लागतात.

– म्हणजे ‘संवादविरहित चित्रपट, पटकथा व दिग्दर्शन : कानेतो शिंदो’?

– हो. आणि १९६१च्या मॉस्को महोत्सवातलं सर्वोच्च पारितोषिक नक्की लिहा. शिंदोंची निर्मिती कंपनी बुडायच्या बेतात होती, या चित्रपटाने तरली.