मदत हवी आहे: बंद शाळेच्या भिंतीवर वाडीतली माणसं रंगवायचीत

नमस्कार मंडळी, आमची वाडी संगमेश्वर तालुक्यात, 32 घरं, पण वर्षभर चूल पेटते फक्त सात घरांत, बाकी सगळे मुंबईला, गणपती-शिमग्याला कुलपं उघडतात आणि पालखी नाचवून झाली की परत बंद. 2011 च्या जनगणनेतच रत्नागिरी नि सिंधुदुर्गची लोकसंख्या 2001 पेक्षा कमी भरलेली, आता तर विचारूच नका.

जपानमधल्या नागोरो गावात त्सुकिमी आयानो या बाईंनी गेलेल्या माणसांच्या जागी बाहुल्या करून बसवल्यात. आमच्याकडे बाहुल्या पहिल्याच पावसात कुजतील, म्हणून शाळेच्या भिंतीवर माणसं रंगवायचं डोक्यात आहे, म्हणजे आमची आजी पडवीत हाताला खोबरेल चोळून विळीवर फणस चिरायची ना, अगदी तश्शी.

अडचण अशी की भिंत जांभ्या चिऱ्याची, गिलावा ठिकठिकाणी फुगलाय. गवंडी म्हणतो ऑइलपेंट मारलात तर ओल आत अडकून पोपडे सुटणार. मग चुन्यावर गेरू-काव टिकेल का? कोकणातल्या पावसात कोणी करून बघितलंय? आणि परवानगी ग्रामपंचायतीची घ्यायची की झेडपीची? मे महिन्यात चाकरमानी येतील तेव्हाच हात मिळतील, त्यामुळे जरा लवकर सांगा.