मदत हवी आहे: कॉटेज पायमधला बटाटा काढला की सगळं पाणी पाणी होतं (लो कार्ब)

शब्दवेल

नमस्कार मंडळी,

आमच्या घरात कॉटेज पाय सगळ्यांच्या आवडीचा. खाली बीफच्या खिम्याचा दाट थर, वर कुस्करलेल्या बटाट्याचा, आणि ओव्हनमधून बाहेर येतो तेव्हा वरून खरपूस. नवऱ्याला अलीकडेच टाईप २ मधुमेह असल्याचं कळलं. आहारतज्ज्ञांनी रात्रीच्या जेवणात कर्बोदकं २० ग्रॅमच्या आत ठेवायला सांगितली आहेत. बाकी सगळं त्यांनी मुकाट मान्य केलं, पण हा एक पदार्थ तरी त्यांच्या ताटातून जाऊ द्यायचा नाही असं मी ठरवलंय. मुलंही तेच खाणार. एकाला पथ्याचं आणि बाकीच्यांना चांगलंचुंगलं, असं मला करायचं नाही.

चौघांसाठी माझं नेहमीचं प्रमाण असं: बीफचा खिमा ५०० ग्रॅम, बटाटे ९०० ग्रॅम, एक मोठा कांदा, दोन गाजरं, मूठभर मटार, दोन मोठे चमचे मैदा, दोन मोठे चमचे टोमॅटो पेस्ट, एक मोठा चमचा वूस्टर सॉस, ३०० मिली बीफ स्टॉक. बटाट्यात लोणी आणि थोडं दूध.

आता बटाट्याऐवजी फ्लॉवर घेतला, मैदा काढला, मटार काढले. फ्लॉवर पाण्यात उकडून, निथळून, लोणी-दूध घालून मिक्सरमधून काढला. चव वाईट नव्हती. पण कापायला गेलं की वरचा थर खाली घसरतो, खिम्याचा रस पातळ राहतो, वर तेलाचा तवंग येतो आणि भांड्याच्या तळाशी पाणी साठतं. ताटात वाढल्यावर थर असे राहतच नाहीत. शिवाय फ्लॉवरचा तो उग्र वास सगळ्या घरभर.

मला कळत नाहीये ते हे: मैद्याशिवाय रस दाट कशाने करायचा? फ्लॉवर घट्ट कसा राहील? आणि कांदा-गाजरही काढावं लागेल का? ते काढलं तर खिम्याला चव कुठून येणार? ज्यांनी प्रत्यक्ष केलंय त्यांनी कृपया सविस्तर सांगा.

रानवारा

शब्दवेल, तुमचे तिन्ही प्रश्न खरं तर एकच आहेत. बटाटा आणि मैदा काढताना तुम्ही कर्बोदकं काढलीत, पण त्यांच्याबरोबर पाणी धरून ठेवणारा स्टार्चही गेला. कच्च्या बटाट्यातही जवळपास ७९ टक्के पाणीच असतं, पण शिजताना त्यातला स्टार्च ते पाणी शोषून फुगतो आणि सोडत नाही. फ्लॉवरमध्ये ९२ टक्के पाणी आणि ते धरून ठेवायला जवळजवळ काहीच नाही. ९०० ग्रॅम फ्लॉवर म्हणजे आठशे ग्रॅमहून जास्त पाणी. त्यात तो पाण्यात उकडला आणि वर दूधही घातलं. ओव्हनची उष्णता लागली की हे सगळं खाली उतरतं.

म्हणून बदली पदार्थ शोधण्याआधी पाणी घालवायचं बघा.

फ्लॉवर उकडू नका, वाफवा. तुरे सारख्या आकाराचे करा म्हणजे काही कच्चे, काही गाळ असं होणार नाही. सुरी सहज आत जाईल इतपतच वाफवा. तो उग्र वास गंधकयुक्त घटकांचा असतो आणि जितका जास्त वेळ शिजवाल तितका वाढत जातो, त्यामुळे वेळ कमी केलात की तोही प्रश्न बराचसा सुटेल. वाफवून झाल्यावर तुरे मोठ्या ताटात पसरून वाफ जाऊ द्या, मग स्वच्छ सुती कापडात बांधून पिळा. किती पाणी निघतं ते बघून तुम्हाला आश्चर्य वाटेल. नंतर रुंद कढईत लोण्यावर मध्यम आचेवर परता. कढईच्या तळाला किंचित चिकटू लागला की थांबा.

मग मिक्सर. इथे फ्लॉवरचा एक फायदा आहे. बटाटा मिक्सरमध्ये फिरवला तर त्यातला स्टार्च मोकळा होऊन चिकट लगदा होतो, फ्लॉवरचं तसं होत नाही. हवा तितका गुळगुळीत करा. दूध अजिबात घालू नका. त्याऐवजी क्रीम चीज ६० ग्रॅम, किसलेलं चेडर ५० ग्रॅम, मीठ, मिरपूड, किंचित जायफळ. मिश्रण कोमट झाल्यावर एका अंड्याचा बलक. बलक ओव्हनमध्ये शिजून घट्ट होतो आणि थराला बांधून ठेवतो. मिश्रण गरम असताना घातलात तर त्याच्या गुठळ्या होतील, तेवढं सांभाळा.

निळाई

रानवारा यांनी वरच्या थराचं सांगितलं, मी खालच्या थराबद्दल लिहिते. माझ्या मते खरी चव तिथेच ठरते.

खिमा गर्दी करून परतू नका. कढई भरून खिमा टाकला की त्याचं पाणी सुटतं आणि तो स्वतःच्याच पाण्यात उकडतो, राखाडी होतो. रुंद भांडं, मोठी आच, दोन घाण्यांत. टाकल्यावर लगेच ढवळायचा नाही, खालून तपकिरी होऊ द्यायचा. आणखी एक उपाय: अर्ध्या किलो खिम्याला पाव छोटा चमचा खाण्याचा सोडा एक मोठा चमचा पाण्यात विरघळवून चोळा आणि पंधरा मिनिटं ठेवा. सोड्यामुळे मांस आपलं पाणी कमी सोडतं आणि रंगही लवकर धरतं. प्रमाण वाढवू नका, नाहीतर साबणासारखी चव येते.

कांदा-गाजर पूर्ण काढायची गरज मला वाटत नाही. कांदा १०० ग्रॅम म्हणजे साधारण ९ ग्रॅम कर्बोदकं, आणि ती चौघांत वाटली जाणार. गाजर एकच घ्या, बारीक चिरून. मटार काढलेत ते ठीक केलंत. आणि मशरूम घाला, २०० ग्रॅम, अगदी बारीक चिरून. आधी कोरड्या कढईत त्यांचं पाणी पूर्ण आटवा, मग तेल घालून लाल करा. खिम्याला भरपूर गहिरेपणा येतो आणि मटार-गाजर कमी झाल्याने जो थर बारीक वाटतो तो भरून निघतो. टोमॅटो पेस्ट एकच मोठा चमचा, पण ती कढईत काळपट लाल होईपर्यंत परतून घ्या. वूस्टर सॉसमध्ये साखर असते, पण एक छोटा चमचा घातला तर सगळ्या भांड्यात जेमतेम ग्रॅमभर. तो काढू नका, त्याच्याशिवाय हा पदार्थ ओळखू येत नाही.

उंबरठा

रस दाट करायला झँथन गम (डिंकासारखी दाटपणा आणणारी पूड) वापरा. एक कप रसाला पाव छोटा चमचा पुष्कळ झाला. थेट भुरभुरवलात तर गुठळ्या होतात, म्हणून आधी थोड्या तेलात कालवून मग ढवळत ढवळत ओता. जास्त पडला तर रस बुळबुळीत होतो आणि मग काही करता येत नाही. तुम्हाला तेलाचा जो तवंग दिसतो तोही याने कमी होईल. मैदा चरबी रसात मिसळून ठेवायचा, ते काम हा करतो. तरीही खिमा १० टक्के चरबीचा घेतलात तर बरं, किंवा परतल्यावर वरची चरबी चमच्याने काढून टाका.

कॉर्नफ्लोअर नको. एका मोठ्या चमच्यात ७ ग्रॅम कर्बोदकं असतात.

निळाई

उंबरठा, झँथन गमला विरोध नाही, पण मी स्टॉकच कमी घेते. ३०० मिली ऐवजी २०० मिली, त्यात एक छोटा चमचा साधं जिलेटिन भिजवून, आणि उघड्या भांड्यात आटवत राहायचं. कढईत चमचा ओढला की मागे वाट राहिली पाहिजे आणि ती लगेच बुजता कामा नये. हाडांच्या घरगुती स्टॉकमध्ये जिलेटिन आपसूक असतंच. तोंडात येणारा गुळगुळीतपणा मला याचा जास्त आवडतो.

उंबरठा

चवीचं मान्य. पण जिलेटिन गरम असताना पातळच राहतं, ओव्हनमधून काढून लगेच वाढायचं असेल तर उपयोग कमी. दोन्ही घाला, झँथन मग निम्मं पुरेल.

मधुघट

कुणी सेलरिॲकचं (सेलरीच्या जातीतला कंद) नाव काढलं नाही म्हणून लिहितोय. मला नुसत्या फ्लॉवरचा थर कधीच पटला नाही, त्याला अंग नसतं. निम्मा फ्लॉवर, निम्मं सेलरिॲक घ्या. बटाट्याच्या बरंच जवळ जातं आणि घट्टही राहतं. १०० ग्रॅमला साधारण ९ ग्रॅम कर्बोदकं आहेत, फ्लॉवरला ५. म्हणजे तुमच्या प्रमाणात माणशी साडेचार ग्रॅम वाढतील. नवऱ्यांना चालत असेल तर जरूर करून बघा.

रानवारा

मधुघट, चव चांगली लागते हे खरं, पण २० च्या मर्यादेत बसेल का ते बघायला हवं. मी गणित मांडून पाहिलं.

मूळ कृतीत माणशी साधारण ५५ ग्रॅम कर्बोदकं होतात आणि त्यातले ४० च्या आसपास एकट्या बटाट्याचे. म्हणूनच कांद्या-गाजरावर कात्री चालवून फारसं काही मिळत नाही. नव्या कृतीत फ्लॉवर ९०० ग्रॅम, कांदा १०० ग्रॅम, एक छोटं गाजर, मशरूम, एक चमचा टोमॅटो पेस्ट, चीज वगैरे धरून माणशी १९-२० ग्रॅम. त्यातून तंतुमय भाग वजा केला तर १३ च्या जवळपास. काही देशांत वेष्टनावरच्या कर्बोदकांच्या आकड्यात तंतू धरलेले असतात, काही ठिकाणी ते वेगळे दाखवतात. तेव्हा आहारतज्ज्ञांना एवढं नक्की विचारा की त्यांचे २० ग्रॅम तंतू धरून की वजा करून. वजा करून असतील तर मधुघट यांचं निम्मं-निम्मं आरामात बसतं.

सावली_दुपारची

पाककृतीबद्दल सगळ्यांनी छान लिहिलंय. मला औषधांबद्दल एक सांगायचंय, कारण ते राहून गेलं तर त्रास होऊ शकतो.

शब्दवेलताई, तुमचे यजमान इन्सुलिन किंवा ग्लिमेपिराइड, ग्लिक्लाझाइड यांसारख्या गोळ्या घेत असतील तर जेवणातली कर्बोदकं एकदम ५५ वरून २० वर आणल्यावर साखर फार खाली जाऊ शकते. औषधाचा डोस आधीच्या जेवणाच्या हिशोबाने दिलेला असतो. डापाग्लिफ्लोझिन किंवा एम्पाग्लिफ्लोझिन चालू असेल तर फारच कमी कर्बोदकांच्या आहारात कीटोॲसिडोसिसचा (रक्तात आम्ल साठण्याची गंभीर स्थिती) धोका असतो आणि त्यात साखर फारशी वाढलेली दिसेलच असं नाही. फक्त मेटफॉर्मिन असेल तर साखर खाली जाण्याची भीती सहसा नसते. डोस स्वतःहून बदलू नका, पण आहार बदलल्याचं डॉक्टरांच्या कानावर घाला.

शब्दवेल

सगळ्यांचे मनापासून आभार. सावली, तुमचा प्रतिसाद वाचून लगेच डॉक्टरांशी बोलले. त्यांना फक्त मेटफॉर्मिन आहे आणि आहार असाच चालू ठेवा म्हणाले. आहारतज्ज्ञांचे २० ग्रॅम तंतू वजा करून आहेत, तेही विचारून घेतलं.

काल केला. फ्लॉवर वाफवून पिळला तेव्हा कापडातून इतकं पाणी निघालं की आधी काय होत होतं ते डोळ्यांसमोर आलं. रस जिलेटिन आणि थोडं झँथन घालून आटवला. थर जागेवर राहिले, तळाशी पाणी नाही, तवंग नाही. मशरूम खिम्यात आहेत हे मुलांना कळलंही नाही. ह्यांनी परत वाढून घेतला. मला किती बरं वाटलं ते लिहून सांगता येत नाही.

दोन गोष्टी राहिल्या. वरचा थर बटाट्यासारखा खरपूस झाला नाही, फिकाच राहिला. आणि हा आधी करून फ्रीजमध्ये किंवा फ्रीझरमध्ये ठेवता येईल का? आठवड्यातल्या कामाच्या दिवशी एवढं सगळं होणं अवघड आहे.

रानवारा

वा! फार आनंद झाला.

फ्लॉवरचा हा थर बटाट्यासारखा आपोआप तांबूस होत नाही. त्याला रंग चीजकडून घ्यावा लागतो. थर पसरल्यावर काट्याने रेघा ओढून उंचवटे करा, वरून ३० ग्रॅम किसलेलं पार्मेझान आणि लोण्याचे छोटे तुकडे. २०० अंश सेल्सिअसला २५ ते ३० मिनिटं, आणि शेवटची तीन-चार मिनिटं फक्त वरची आच (ग्रिल) चालू. तेव्हा ओव्हनपासून हलू नका, चीज बघता बघता करपतं. बाहेर काढल्यावर दहा मिनिटं तसाच ठेवून मग कापा. आणखी एक, खिमा थोडा निवल्यावरच वरचा थर पसरा. गरम खिम्यावर तो मऊ पडून खाली बसतो.

निळाई

ठेवण्याबद्दल: तयार पाय फ्रीझरमध्ये ठेवू नका. फ्लॉवरचा थर वितळताना पुन्हा पाणी सोडतो. फक्त खिमा गोठवा. झँथनने दाट केलेला रस गोठून वितळला तरी फुटत नाही, मैद्या-कॉर्नफ्लोअरचा मात्र फुटतो. मी दुप्पट खिमा करून निम्मा गोठवते. करायच्या आदल्या रात्री तो फ्रीजमध्ये उतरवायचा आणि फ्लॉवर त्या दिवशी ताजा करायचा. वाफवणं, पिळणं, परतणं धरून अर्धा तास लागतो.

फ्रीजमध्ये मात्र पूर्ण रचलेला पाय एक दिवस छान राहतो. थंडगार भांडं ओव्हनमध्ये घालणार असाल तर दहा-पंधरा मिनिटं जास्त द्या, पहिली वीस मिनिटं वर फॉइल झाका, आणि मधोमध ७४ अंश होऊ द्या. उरलेला तीन दिवसांत संपवा.