कल्पनेतल्या महासर्पाला पोट असावं की नसावं?

खाडीकाठचा (धागाकर्ता)

आम्ही सात जण दर रविवारी ठाण्यात एकाच्या घरी जमतो आणि 'खारदेश' या आम्हीच रचलेल्या जगात रोल-प्लेइंग गेम (प्रत्येकाने एकेक पात्र होऊन गोष्ट पुढे न्यायची) खेळतो. तिथल्या खाजणात एक महासर्प आहे, दोरखंड्या. कोळ्यांची पोरं त्याला पाण्यात पडलेला जाड दोर समजून होडी बांधायला गेली, म्हणून हे नाव. मागच्या रविवारी मी त्याची कुंडली वाचून दाखवली: लांबी १४ मीटर, वर्षातून दोन-तीन शिकारी, बाकी काळ तिवरांच्या मुळांत पडून. त्यावरून भांडणच झालं. निम्म्या मंडळींना त्यात महासर्प दिसेना, नुसता मोठा अजगर दिसला.

मला वाटतं, काल्पनिक जनावरालाही पोट हवं. साप ऊब बाहेरून घेतो, म्हणून थोडक्या खाण्यात त्याचं भागतं. अजगर एका मोठ्या जेवणावर महिनोन्महिने काढतो. खरी भीती त्या पडून राहण्यातच आहे. खाजणातून जाणारा माणूस दहा वेळा त्याच्या शेजारून गेलेला असतो. अकराव्या वेळी तो भुकेला असतो.

आकारही मी मनाने ठरवलेला नाही. कोलंबियातल्या सेरेहोन कोळसा खाणीत सापडलेला टायटॅनोबोआ हा नामशेष साप २००९ साली जगापुढे आला. सुमारे १३ मीटर लांब, वजन टनाच्या वर, काळ साधारण ६ कोटी वर्षांपूर्वीचा. एवढा साप जगायचा तर वर्षाची सरासरी ३० ते ३४ अंश हवी, असा हिशेब तेव्हा मांडला गेला. म्हणून माझ्या खारदेशात हिवाळा नाही.

घोडबंदरचा गडी

मी त्याच टेबलावर बसतो, म्हणून स्पष्टच लिहितो. हिवाळा काढलास ते चुकलं. त्या ३०-३४ च्या हिशेबावर नंतर शास्त्रज्ञांनीच आक्षेप घेतले. आणि आपल्या शेजारचा कच्छ विसरलास? पानंध्रोच्या लिग्नाइट खाणीतल्या २७ मणक्यांवरून २०२४ मध्ये एक साप जाहीर झाला. अंदाजे ११ ते १५ मीटर, ४ कोटी ७० लाख वर्षांपूर्वीचा, आणि तिथला तेव्हाचा सरासरी पारा २८ अंशांच्या आसपास मानतात. आपल्या ठाण्यापेक्षा फार तर अंशभर जास्त.

त्याचं नाव ठेवलं वासुकी. एवढी हाडं हातात असूनही नाव घ्यायला समुद्रमंथनाकडेच जावं लागलं, कारण तेवढा मोठा साप आपल्या मनात आधीपासून होता. शेषाच्या डोक्यावर पृथ्वी आहे असं आजीने सांगितलं, तेव्हा तो खातो काय असं आपण विचारलं नाही. मला दोरखंड्या १०० मीटरचा हवा. किल्ल्याच्या बुरुजावर त्याचा फणा उगवला पाहिजे.

खाडीकाठचा

वासुकीचा मुद्दा मान्य. हिवाळा परत आणतो.

१०० मीटर मात्र नाही. लांबी दुप्पट केली की वजन आठपट होतं. टायटॅनोबोआ त्याच प्रमाणात १०० मीटरचा केला तर तो पाचशे टनांच्या पुढे जातो, निळा देवमासासुद्धा त्याच्यापुढे लहान. आणि फणा? झाडावर चढणाऱ्या सापांचं हृदय डोक्याच्या जवळ असतं, कारण मान वर केली की रक्त वर चढवावं लागतं. पाण्यात जगणाऱ्यांचं बरंच मागे असतं, तिथे पाणीच अंगाला आधार देतं. दोरखंड्या पाण्यातला आहे. बुरुजाएवढी मान वर केली तर त्याला घेरी येईल.

येऊरच्या पायथ्याचा

तुमच्या खेळात नाही, पण पावसाळ्यात साप पकडायला जातो, म्हणून राहवलं नाही. धागाकर्त्याशी सहमत, पण तुमच्या कुंडलीत दोरखंडीण कुठेच नाही! आपली अजगराची मादी अंड्यांना वेटोळं घालून जवळजवळ दोन महिने बसते. गारवा वाढला की अंग थरथरवून स्वतः ऊब तयार करते. बाहेरून ऊब घेणारं जनावर पिल्लांसाठी आतून ऊब काढतं, याहून मोठी जादू कुठून आणणार?

दुसरं, जेवलेल्या अजगराभोवती लोक मोबाईल घेऊन गर्दी करतात आणि घाबरून तो गिळलेलं ओकून टाकतो. हे फार वाईट दिसतं. कित्येक आठवड्यांची बेगमी मातीत जाते. एक विनंती, त्याला मारल्याचं बक्षीस खेळात ठेवू नका. इथे सोसायटीच्या गेटवर मी काठ्या घेतलेली माणसं बघतो. त्यांच्या डोक्यातला साप गोष्टींतूनच आलेला असतो.

घोडबंदरचा गडी

हे मला पटत नाही. गोष्टीतला राक्षस मारला म्हणून कोणी शेजाऱ्याला मारत नाही. साप मारला जातो तो बिनविषारी कोणता हे ओळखता येत नाही म्हणून.

थरथरणारी आई मात्र घ्या, हात जोडून सांगतो. पण ती आली की ऊब-भुकेचा तुझा हिशेब विसकटणार, हे लक्षात ठेव.

खाडीकाठचा

विसकटू दे. मादी घेतली, बक्षीस काढलं. आता भर जेवणानंतर त्याला डिवचलं तर तो गिळलेलं टाकून पळेल आणि तो हंगाम खाजणात कोणीच सुरक्षित नसेल.

आणखी एक घेतो. ब्रह्मी अजगराचं हृदय मोठ्या जेवणानंतर दोन-तीन दिवसांत ४० टक्क्यांपर्यंत वाढतं, पचन झालं की पुन्हा लहान होतं. खारदेशात दोरखंड्या जेवला की त्याच्या ठोक्यांनी पाण्यावर तरंग उठतील. कोळी आधी होडीच्या तळाला हात लावून बघतील, मगच वल्हं मारतील.

घोडबंदरचा गडी

होडीच्या तळाला हात, हे मला फणा नसूनही चाललं. पण १४ मीटर नाही, २० कर. हृदय मागे ठेव. बुरुज मी खाडीत उतरवतो, पायऱ्या पाण्याखाली. मान वर करायची गरजच पडणार नाही.

खाडीकाठचा

१५. त्यापुढे एक वीतही नाही. बुरुजाचा नकाशा रविवारी घेऊन ये.