डोंगरातलं राष्ट्रीय उद्यान, एकच दिवस आणि सोबत गाईड : तुमचे अनुभव लिहा

पावसाळी
काल सोसायटीच्या ग्रुपवर उत्तराखंडातल्या एका सहलीचं पत्रक आलं. 'सकाळी व्हॅली ऑफ फ्लॉवर्स, दुपारी हेमकुंड, मुक्काम घांगरिया.' एकाच दिवसात! आणि खाली लाईकच्या अंगठ्यांची रांग. मी लिहायला घेतलं की अहो, एकट्या हेमकुंडच्या गुरुद्वारालाच दिवस जातो, घांगरियाच्या मुक्कामाहून सहा किलोमीटर वाट आणि हजार मीटरच्या वर चढ, व्हॅलीचा फाटा तर दुसरीकडेच वळतो. मग खोडलं. ग्रुपवर शहाणपणा कोण शिकवणार. पण रात्री झोप लागेना, सगळं आठवत बसले.

आम्ही गेलो ते २०१७ च्या ऑगस्टात. सासूबाई सोबत होत्या. पुण्याहून आलेला लीडर होताच, पण घांगरियात एक स्थानिक गाईडही घेतला, भ्यूंडार गावचा. लीडर सगळ्यांच्या पुढे, हातातल्या घड्याळाकडे बघत. गाईड सगळ्यांच्या मागे. मी विचारलं, तुम्ही मागे का? तर म्हणाला, पुढचे लोक काही बघत नाहीत, त्यांना पोचायचं असतं.

पुष्पावतीवरचा पूल ओलांडला, भूर्जांच्या सावलीतला चढ संपला आणि दरी उघडली. दोन्ही बाजूंना कमरेएवढी गुलाबी फुलं. लीडर म्हणाला, 'हिमालयन बालसम.' सासूबाई थांबल्या, एक फूल नुसतं बोटानं उचलून बघितलं (तोडू देत नाहीत) आणि म्हणाल्या, "अगं, हा तर तेरडा. गौरीचा." आणि खरंच त्याच कुळातला की हो! मग त्यांनी गाईडला मोडक्यातोडक्या हिंदीत तेरड्याच्या गौरी कशा आणतात, पावलं कशी काढतात, दुसऱ्या दिवशी काय जेवण, सगळं सांगितलं. तो मन लावून ऐकत होता. लीडर पुढून शिट्ट्या मारतोय.

त्या गाईडने एक गोष्ट दाखवली ती डोक्यात राहिली. एका उंच पांढऱ्या फुलांच्या झाडोऱ्याकडे बोट करून म्हणाला, हे पॉलिगोनम, हे दुसऱ्या कशाला उगवू देत नाही. १९८२ मध्ये उद्यान झालं, मेंढ्या बंद झाल्या, त्याच्या आजोबांच्या वेळी सगळं गाव उन्हाळ्यात इथे चारायला यायचं. त्याचं म्हणणं, मेंढ्या हे खाऊन टाकायच्या. वनखातं दरवर्षी माणसं लावून उपटतं. अभ्यासकांत यावर दोन तट आहेत हे मी नंतर वाचलं, पण पत्रकात असलं काही नसतं.

तर तुमचे असे अनुभव लिहा. डोंगरातलं कुठलंही राष्ट्रीय उद्यान, एक दिवस, गाईड. चांगला, वाईट, झोपाळू, कसाही.

बटाटेभात
मी पयली!! सविस्तर नंतर, कुकर लावलाय.

आडवाटेचा
गाईड कशाला लागतो म्हणतो मी. वाट आहे, पाट्या आहेत, डोळे आहेत.

पावसाळी
@आडवाटेचा, तुमचे डोळे तेरडा ओळखतील का?

आडवाटेचा
तेरडा ओळखतो. कासला पाहिलाय. माझ्या बायकोला मात्र गाईड हवा असतो, कारण माझ्याशी बोलून तिला कंटाळा येतो. हे तिचं वाक्य आहे, माझं नाही.

ढगाळ
पावसाळी, छान लिहिलंय. आम्हीही गेलो होतो, दिवसभर पाऊस, धुकं, आणि पाच फुटांपलीकडे काही दिसेना. त्या दिवशी गाईड नसता तर काहीच मिळालं नसतं. लांबचं दिसत नाही तर जवळचं बघा म्हणाला. ब्लू पॉपी एका दगडाच्या आडोशाला, पाकळ्या ओल्या टिश्यू पेपरसारख्या. कोब्रा लिली दाखवली, ती आपल्या सापकांद्याची बहीण. आणि जोन लेग यांची कबर. १९३९ मध्ये फुलं गोळा करायला आल्या आणि इथेच कड्यावरून घसरून गेल्या. त्यांच्या बहिणीने नंतर येऊन दगड लावला. आमच्या ग्रुपमधले तिथे बसून पराठे खात होते. गाईड काही बोलला नाही, फक्त दगडावर पडलेला लोणच्याचा कागद उचलून खिशात घातला. सगळे उठून लांब जाऊन बसले.

मीठमोहर
बायकांसाठी एक प्रश्न, लाज न बाळगता विचारते. व्हॅलीत स्वच्छतागृहाचं काय?

पावसाळी
@मीठमोहर, आम्ही गेलो तेव्हा आत काहीच नव्हतं. घांगरियातून आटपून निघायचं. छत्री जवळ ठेवायची, ती पावसापेक्षा याच कामाला जास्त येते. आता काही केलं असेल तर अलीकडे जाऊन आलेल्यांनी सांगा.

चष्मिष
छत्री +१. मोठी काळी, आजोबांची असते तसली. फोल्डिंगने काही झाकत नाही.

घोरपड
ख्या ख्या ख्या. धागा कुठे चाललाय.

कऱ्हाडकर
आमचा अनुभव हिमालयातला नाही, चांदोलीचा. सह्याद्रीतलं आहे, डोंगरातलंच आहे, राष्ट्रीय उद्यान २००४ पासून, त्यामुळे चालेल असं धरतो. मोबाईलवर लिहितोय, शुद्धलेखन सांभाळून घ्या.

आजीचं माहेर आत होतं. धरण झालं, मग १९८५ ला अभयारण्य, पुढे गावं उठली. आजी तेव्हापासून तिकडे गेलीच नव्हती. मामाने डिसेंबरात सांगितलं की आता परवानगी काढून जीपने आत जाता येतं, वनखात्याचा गाईड बरोबर देतात. आजी म्हणाली माझ्याच घरी जायला तिकीट? पण साडी नवीन नेसून बसली.

गाईड पोरगं तिशीचं. त्याला पाठ करून दिलेलं सगळं बोलत होतं, सहा-सातशे पानं असलेल्या पुस्तकासारखं. एवढे चौरस किलोमीटर, ३१७. गवा, अस्वल, बिबट्या, शेकरू. २०१० ला कोयनेसकट व्याघ्र प्रकल्प. वारणा इथून उगम पावते. आजी खिडकीतून बघतेय, एक शब्द नाही. मग एका वळणावर तो म्हणाला, 'इथं पूर्वी गाव होतं, ह्या दगडी जोत्यावर शाळा होती.'

आजी म्हणाली, "शाळा न्हवं रं. तालीम ती. शाळा देवळात भरायची."

तो गप्प. मग म्हणाला, आज्जी तुम्ही कुणाच्या? हिने सांगितलं. तो म्हणाला माझे आजोबा शेजारच्या वाडीचे. झालं. पुढचे दोन तास उलटे झाले. गाईड आजी, आणि तो ऐकणारा. ह्या ओढ्याचं नाव काय, त्या आंब्याला काय म्हणायचे, कुणाची म्हैस कुठे वाघाने नेली. खाली उतरायला बंदी, ती त्याने पाळली, आजीनेही उतरायचं म्हटलं नाही. एका ठिकाणी फक्त गाडी जरा जास्त वेळ थांबवली. तिथे जोतं नव्हतं की काही नव्हतं. करवंदीच्या जाळ्या नुसत्या. आम्हाला कळलं नाही काय ते. आजीला विचारलं तर म्हणाली, तुला काय करायचंय.

परत आल्यावर त्याने मामाचा नंबर घेतला. आता कधीकधी फोन करतो, आजी अमुक टेकाडाला काय म्हणायचे म्हणून.

ढगाळ
_/\_

मीठमोहर
कऱ्हाडकर, काय लिहिलंय. स्वयंपाक सोडून वाचत उभी राहिले.

बटाटेभात
वाचून डोळ्यात पाणी. आणि मी कुकर विसरले, शिट्ट्या मोजल्याच नाहीत. बटाटे गेले कामातून.

तिखटजाळ
@कऱ्हाडकर, कुठली वाडी? माझं आजोळ शिराळ्याकडचं. आमच्याकडेही उठून आलेली घरं आहेत, जमीन मिळायला किती वर्षं गेली ते विचारू नका.

कऱ्हाडकर
@तिखटजाळ, व्यनि (व्यक्तिगत निरोप) करतो.

सॅन होजेकर
आई-बाबा आले होते तेव्हाची गोष्ट. मला सुट्टी नव्हती म्हणून त्यांना सॅन फ्रान्सिस्कोहून योसेमिटी राष्ट्रीय उद्यानाच्या एका दिवसाच्या बस टूरवर पाठवलं. पहाटे निघायचं, रात्री परत. जाऊन-येऊन आठ तास बसमध्येच. हे पटत नाही, पण दुसरा इलाज नव्हता.

गाईड आणि ड्रायव्हर एकच बाई. बाबांच्या म्हणण्यानुसार ती गाडी चालवता चालवता १८६४ पासूनचा इतिहास सांगत होती, दरी राखून ठेवायच्या कायद्यावर लिंकनने सही केली वगैरे, आणि घाटात वळणावरसुद्धा थांबत नव्हती. आईने पूर्ण वेळ डोळे मिटून रामरक्षा म्हटली.

आत गेल्यावर अस्वलांची सूचना. वास येणारं काही मागे सोडायचं नाही, लोखंडी पेट्या असतात त्यात ठेवायचं. आईच्या पिशवीत मेथीचे ठेपले, लसणाची चटणी, डिंकाचे लाडू. गाईडबाई पिशवीजवळ आली, वास घेतला आणि म्हणाली, हे नक्की पेटीत. बाबा अजून सांगतात की अमेरिकेच्या सरकारने आईच्या चटणीला कुलूप लावलं.

एल कॅपिटानखाली उभं केलं सगळ्यांना. गाईडने दुर्बीण दिली, भिंतीवर ठिपक्यांएवढे चढणारे लोक दिसत होते. नऊशे मीटरचा सरळ कातळ. बाबा तरुणपणी सह्याद्रीत खूप फिरलेले. बराच वेळ बघितलं आणि म्हणाले, "कडा मोठा आहे. पण खाली कोकण नाही." कोकणकड्यावर ज्यांनी पालथं पडून खाली बघितलंय त्यांना कळेल.

आडवाटेचा
बाबांना साष्टांग नमस्कार सांगा. हे वाक्य ढापणार आहे.

निवांत
केरळात मुन्नारजवळच्या एरवीकुलम राष्ट्रीय उद्यानाचा अनुभव लिहितो. अनुभव कसला, न झालेला अनुभव. फेब्रुवारीच्या शेवटी सहल, यात्रा कंपनीच्या पत्रकात ठळक अक्षरात 'नीलगिरी ताहर दर्शन', म्हणजे तिथली रानशेळी. तिकडे गेलो तर फाटक बंद. ताहरच्या माद्या त्या सुमारास वितात, म्हणून फेब्रुवारी-मार्चमध्ये उद्यान बंदच ठेवतात, दरवर्षी. म्हणजे अचानक काही घडलं नव्हतं. आमच्या गाईडने तोंडावरची रेषही न हलवता सांगितलं, 'आता आपण चहाचं संग्रहालय बघू.' बसमध्ये एक आजोबा म्हणाले, चहा बघायचा नसतो, प्यायचा असतो.

पुढच्या वर्षी आम्ही दोघंच गेलो, नोव्हेंबरात. वनखात्याची बस वर सोडते, तिथून डांबरी रस्त्याने थोडं चालायचं. ताहर रस्त्याच्या कठड्यालगत चरत होते, अगदी हाताच्या अंतरावर. फोटो काढायला एक बाई कठडा ओलांडायला लागल्या तर तिथल्या रखवालदाराने नुसती जोरात टाळी वाजवली. ताहर जागचे हलले नाहीत, बाई हलल्या. आणमुडी शिखर मात्र ढगातच, २६९५ मीटरपैकी निम्मासुद्धा दिसला नाही.

चष्मिष
बारा वर्षांनी एकदा फुलणारी कुरिंजी बघायला २०१८ ला तिकडेच जायचं होतं, पूर आला. आता २०३०. गुडघे टिकले तर.

बटाटेभात
गुडघ्यांवरून आठवलं. घांगरियाला मी आईला कंडीत बसवलं होतं, पाठीवरची टोपली असते ती. आई आधी नाहीच म्हणाली. माणसाच्या पाठीवर बसायचं म्हणजे पाप लागेल म्हणाली. तो नेपाळी मुलगा हसला, म्हणाला अम्मा, तुम्ही नाही बसलात तर माझी आजची कमाई जाईल, मग ते पाप कुणाचं? आई बसली. आणि मग वाटभर उलट्या तोंडाने सगळ्यांना टाटा करत होती, कारण तिचं तोंड मागे. सगळं जग तिला दूर जाताना दिसलं असणार. त्या पोराला तिने उतरल्यावर बिदागी दिली ती वेगळी, शिवाय स्वतःचा स्वेटर. मी घेतलेला. नवीन.

घोरपड
सासूबाई, आजी, आई... या धाग्यावर खरे गाईड कोण आहेत ते कळलं.

ढगाळ
@बटाटेभात, स्वेटर :D

मीठमोहर
मी अजून कुठेच गेले नाहीये, वाचनखूण साठवलीय. जुलै बरा की ऑगस्ट? बूट घ्यायचे तर कुठले? पाच वर्षांच्या मुलीला नेता येईल का?

पावसाळी
@मीठमोहर, पॉपी हवी तर जुलै, तेरडा हवा तर ऑगस्टचा मध्य. पाऊस दोन्हीकडे. बूट नवे असतील तर महिनाभर आधीपासून घालून फिरा. मुलीचं असं की वाट अवघड नाही पण लांब आहे, आणि संध्याकाळी पाचच्या आत बाहेर यावंच लागतं. रेंगाळायला ती सगळ्यात जास्त वेळ घेईल. चढाई जिथून सुरू होते त्या गोविंदघाटच्या बाजूला रस्त्याचं काय चाललंय तेवढं आधी विचारून घ्या, पावसाळ्यात तिथे दरड रोजची.

आडवाटेचा
स्वित्झर्लंडच्या जुंगफ्राऊचा अनुभव लिहिला तर चालेल का? तिथे भारतीय जेवण मिळतं.

पावसाळी
राष्ट्रीय उद्यान नाही ते. वेगळा धागा काढा.

आडवाटेचा
काढतो. पण आधी बायकोला विचारतो, तिथे गाईड होता का ते.

तिखटजाळ
@कऱ्हाडकर, व्यनि बघितला. अहो आपण भाऊबंद निघालो. तुमच्या मामांना म्हणावं, त्या आंब्याचं नाव माझ्या आजोबांना विचारून उद्या सकाळी कळवते, आत्ता झोपलेत.