मदत हवी आहे: दोन चंद्रांचं पंचांग जुळत नाहीये

नमस्कार मंडळी,

एका कल्पित जगातली कादंबरी लिहितेय, दीड वर्ष झालं. बेट आहे, माणसं दर्यावर्दी आहेत आणि आकाशात दोन चंद्र. सुचली मात्र इथेच, माहीमच्या घरात. पावसाळ्याआधी पालिका साडेचार मीटरच्या वरच्या भरत्यांचे दिवस जाहीर करते. २००५ च्या २६ जुलैला आमच्या तळमजल्यात कमरेएवढं पाणी होतं, तेव्हापासून आई ती यादी पेपरातून कापून फ्रिजवर लावते. म्हटलं, एका चंद्राने ही तऱ्हा, मग दोन असते तर?

हिशोब असा. वर्ष ३९० दिवसांचं, पाऊस सुरू होतो तो पहिला दिवस. पाऊस साधारण १०० दिवस. थोरला चंद्र पुनवेपासून पुनवेपर्यंत २५ दिवस घेतो, धाकटा ४०. दोघांची पुनव एकाच रात्री येते ती दर २०० दिवसांनी. तिला मी ‘जोडपुनव’ म्हणते. त्या दिवशी समुद्र गावात शिरतो आणि राज्याभिषेक त्याच पाण्यात उभं राहून करायची रीत आहे.

थोरल्याचे १५ महिने धरले तर ३७५ दिवस, म्हणजे १५ कमी. आपलं चांद्रवर्ष सौरवर्षापेक्षा ११ दिवसांनी मागे पडतं, म्हणून १९ वर्षांत ७ अधिक महिने. माझ्याकडे २० वर्षांत १२ येतात! एवढे धोंडे आले तर जावयांना वाणं देऊन देऊन सासरे दिवाळ्यात निघतील. भाऊ म्हणतो, वर्ष ४०० दिवसांचं कर, सगळं सुटेल. सुटेल खरं, पण मग जोडपुनव दरवर्षी त्याच तारखांना येणार, पंचांग लागणारच नाही आणि माझे जोशीबुवा बेकार होणार. कादंबरीत मला सर्वांत आवडतात ते तेच.

खरा घोळ पुढे आहे. नायिका जन्मते वर्षाच्या पहिल्या दिवशी, जोडपुनवेला. चौदा वर्षांची झाली की भर पावसात, जोडपुनवेलाच राज्याभिषेक. प्रकरण लिहून झालंय, चांगलं झालंय. परवा विरार लोकलमध्ये मोबाईलवर गुणाकार केला तर कळलं, जोडपुनव वर्षाला १० दिवसांनी पुढे सरकते. चौदाव्या वाढदिवसानंतर ती १४० व्या दिवशी येते. तेव्हा पाऊस संपून महिना उलटलेला. २० वर्षांनी ती परत पहिल्या दिवशी येते, पण विशीतली राणी नकोय मला. पोरवयाची हवी, तिच्या आडून आजीने राज्य चालवायला.

पाऊस सोडायचा की पुनव?

प्रतिसाद

ताई, दोन्ही सोडू नका. आमचं घर वर्सोव्याचं, लहानपणापासून भरतीचा हिशोब तोंडपाठ. तिथीला पाऊणने गुणायचं, पूर्ण भरतीची वेळ येते. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा. पौर्णिमेनंतर परत प्रतिपदेपासून मोजायचं, हिशोब तोच. का, तर उधाण जसं पुनवेला तसंच अवसेला. चंद्र सूर्याच्या बाजूला असो की समोर, दोघांची ओढ एकाच रेषेत येते. अष्टमीच्या आसपास ती आडवी पडते, तेव्हा भांग, म्हणजे भरती सर्वांत कमी.

तुम्ही फक्त पुनव-पुनव मोजलीत. १०० व्या दिवशी बघा: थोरल्याचे चार फेरे पुरे, म्हणजे पुनव. धाकट्याचे अडीच, म्हणजे अवस. समुद्राला काही फरक पडत नाही, उधाण जोडपुनवेएवढंच. म्हणजे मोठं पाणी २०० नाही, दर १०० दिवसांनी. आता १४ वर्षांचे दिवस ५४६०. पुढचा शेकडा ५५००. वाढदिवसानंतर ४० वा दिवस, ऐन पावसात. पाणी गावात येणारच, फक्त धाकटा चंद्र दिसणार नाही.

प्रतिसाद

महिने १५ ऐवजी १६ धरा. ४०० दिवस होतात, १० जास्त. मग २० वर्षांत ८ महिने गाळायचे, अधिक नाही तर क्षय. आपल्याकडे क्षयमास क्वचित येतो, तुमच्याकडे नेहमीचा. कोणता गाळायचा ते जोशीबुवा ठरवतील, म्हणजे त्यांची नोकरी पक्की. आणि गळालेल्या महिन्याचं व्याज सावकाराने घ्यायचं की नाही, यावर एक प्रकरण सहज निघेल.

धागाकर्ती

वर्सोवेकर, कागदावर तीनदा करून पाहिलं, ५५०० बरोबर येतंय! भरतीच्या गोष्टीवर दीड वर्ष घालवलं आणि अवसेचं उधाण विसरले. आईला सांगितलं तर म्हणाली, फ्रिजवरच्या यादीत अमावस्येच्या तारखा असतातच की.

पाऊस राहिला, पाणी राहिलं, वय राहिलं. बदलतंय ते एवढंच, की अभिषेकाच्या वेळी आभाळात एकच चंद्र. गावाला तो अपशकुन वाटणार आणि आजीला तो झाकायला जोशीबुवांना पंचांगात खोटं लिहायला लावावं लागणार. हे आधीच्यापेक्षा बरं आहे, चिडचिड झाली तरी.

क्षयमासही घेतेय. आता फक्त त्या रात्रीला नाव हवंय, एकाची पुनव आणि दुसऱ्याची अवस. ‘अर्धपुनव’ नको, मिठाईचं नाव वाटतं. कोळी बोलीत काही असेल तर सांगा.