मदत हवी आहे: रिपोर्ट नॉर्मल, पण दुखणं खरं. डॉक्टरांशी कसं बोलावं?

नमस्कार. माझ्या ताईला फायब्रोमायल्जिया आहे. अंगभर दुखतं, झोप लागत नाही, सकाळी उठल्यावरही थकवा तसाच. रक्ततपासण्या, एमआरआय सगळं नॉर्मल, आणि तिथेच गाडी अडते. "टेन्शन घेऊ नका" एवढं ऐकून ती परत येते. आता तर ती दवाखान्याचं नावही काढत नाही, याचीच मला जास्त काळजी वाटते.

खरं तर या आजारात तपासण्यांत काही न दिसणं हेच नेहमीचं. ३ महिन्यांहून जास्त टिकलेलं दुखणं हा स्वतःच एक आजार असू शकतो, हे जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२२ पासून लागू झालेल्या आयसीडी-११ या आजारांच्या वर्गीकरणातही आलं आहे. पण घाईच्या भेटीत हे सांगायचं कसं, तेही वाद न घालता?

तुमच्यापैकी कुणी दुखण्याची रोजनिशी ठेवली आहे का? त्यात काय लिहिलं तर डॉक्टर खरंच वाचतात? दुखणं शून्य ते दहा यांत किती, हा आकडा सांगून आमचं काही झालं नाही. "केस विंचरायला हात वर जात नाही" म्हटल्यावर मात्र एका डॉक्टरांनी नीट विचारपूस केली.

आणि सोबतच्या माणसाने किती बोलावं? मी बोलले की ताईचं म्हणणं मागे पडतं, गप्प राहिले तर तिला रडू येतं आणि ती अर्ध्यावर थांबते. पेन क्लिनिकसाठी (जिथे खास दुखण्यावरच उपचार होतात) डॉक्टरांकडे चिठ्ठी कशी मागितलीत तेही कळवा. कृपया औषधं सुचवू नका, ती डॉक्टरच ठरवतील.